दोन ओळी लिहून दे

४ मार्च

प्रिय अक्का,

पोचलो. कपड्यांना अजून तुमच्या दलदलीचा वास येतोय. बायकोनं बॅग गॅलरीत नेऊन उलटी केली आणि म्हणाली, आधी तू, मग कॅमेरा, दोघंही धुऊन निघा. टपालाची होडी तुमच्याकडे पंधरा दिवसांतून एकदाच येते, म्हणून आजच लिहायला बसलो. नाहीतर तू म्हणशील, काम झालं आणि मामेभाऊ ओळख विसरला.

कालपासून एडिटिंग सुरू केलंय. तळमजल्यावरची खोली, खिडकीला काळा कागद, समोर दोन पडदे आणि शेजारी आमची संकलक बाई. ही बाई कौतुक करत नाही, फार झालं तर पेन्सिल चावायची थांबते. तुमच्या पहिल्या शॉटला थांबली. पहाटेचं धुकं, लव्हाळी, लाकडी खांबांवरची घरं आणि एका रांगेत निघालेल्या सात होड्या. आवाज फक्त वल्ह्यांचा. तो शॉट घ्यायला चार दिवस लागले, कारण वस्तीतल्या एकाही तरुणाला वल्हवता येत नव्हतं, हे मी तिला सांगितलं नाही. इंजिनं उतरवल्यावर होड्या कशा गरगरत होत्या! आणि सुईणआजी काठावरून ओरडत होती, "पुढे जायचंय मेल्यांनो, भोवरे काय होताय!"

तुझे उपकार कुठे फेडू? अठरा वर्षं तिथे एकटी नर्स म्हणून राहिलीस, आणि माझ्यासाठी दवाखान्याची पाटी उतरवलीस, औषधांच्या फ्रिजवर चादर टाकलीस, पांढरा कोट दोन महिने पेटीत ठेवलास. कॅमेरा वळायच्या आधीच तू बाजूला झालेली असायचीस. "अक्का, सरक" म्हणायची वेळच यायची नाही. आणि हसरीचं बाळंतपण! बावीस वर्षं कॅमेरा धरतोय, असं काही कधी मिळालं नव्हतं. सुईणआजीचे ते सुरकुतलेले हात आणि त्यात ते लालबुंद पोर. सगळी फिल्म त्या प्रसंगावर उभी आहे.

आणि हो, शेवटी पडद्यावर ओळ टाकतो, 'या वस्तीत अठरा वर्षांपासून सरकारी दवाखाना चालू आहे.' शब्द दिलाय, विसरलेलो नाही.

तुझा
बारक्या


२ एप्रिल

चि. बारक्यास अनेक आशीर्वाद,

तुझं पत्र मिळालं. आधी वाचलं ते मी, मग हसरीनं मागितलं, मग तिच्या नवऱ्यानं, मग ते वस्तीभर फिरून तेलाचे डाग घेऊन परत आलं. भोवऱ्यांच्या वाक्याला सगळे पोट धरून हसले. सुईणआजी म्हणाली, मी 'मेल्यांनो' म्हटलंच नव्हतं, त्याहून वाईट म्हटलं होतं.

पाटी परत लावली. एक स्क्रू पाण्यात पडला, त्यामुळे डावीकडे कलली आहे. हसरी म्हणते, दवाखान्यालाच चक्कर आलीये, आधी त्याला गोळी द्या. बाकी सगळं पूर्ववत. इंजिनं बसली. परवा जाळी विणणारा म्हातारा कान दाखवायला आला तर घड्याळ खिशात. म्हटलं, मनगटावर का नाही? इकडेतिकडे बघून म्हणतो, "तो नक्की गेला ना?"

हसरीचं बाळ ठीक आहे. ती स्वतः फिकट आहे. लोहाच्या गोळ्या दिल्यात, त्या ती घेते की माशांना घालते कोण जाणे. बाळंतपणाबद्दल तुला एक सांगायचं आहे, पण ते पत्रात नको, येशील तेव्हा बोलू. तसं काही विशेष नाही.

ती शेवटची ओळ मात्र टाक. तू म्हणशील, अक्का एकाच गोष्टीचं पालुपद लावते. पण तू पाचवीत असताना 'माझा आवडता प्राणी' हा निबंध मी लिहून दिला होता आणि बक्षीस तू घेऊन आलास, आठवतं? मामीनं ते प्रशस्तिपत्रक चौकट करून लावलं. मी मामाच्या घरी शिकायला राहिलेली, आणि तुझा चेहरा इतका फुललेला, म्हणून बोलले नाही. त्याचं मला कधी वाईट वाटलं नाही. या वेळी वाटेल, कारण हा निबंध माझ्या एकटीचा नाही. औषधांची खोकी आधीच कमी यायला लागलीत. वरच्यांना असं वाटता कामा नये की इथे कुणी नाही.

जेवत जा वेळेवर.

तुझी
अक्का


११ ऑगस्ट

प्रिय अक्का,

पत्राला उशीर झाला, कान पकडतो. पण कारण ऐकशील तर सोडशील. पहिलं बक्षीस! नाट्यगृह खच्चून भरलं होतं, पायऱ्यांवर माणसं बसली होती. होड्यांच्या शॉटला टाळ्या, आणि बाळंतपणाला तर अशी शांतता की मलाच माझा श्वास ऐकू येत होता. निवेदनातलं एक वाक्य लोक आता तोंडपाठ म्हणतात, 'इथे औषध लागत नाही, इथे हात पुरतात.' रिक्षात बसल्या बसल्या सुचलं होतं.

आणि ऐक, तुमच्या आरोग्य खात्याचे सर्वांत मोठे साहेब खास आले होते. रडले गं! माझा हात हातात घेऊन म्हणाले, "आम्ही यांना काय शिकवणार? यांनीच आम्हाला शिकवावं." तुझ्या खात्याचा माणूस तुझ्या वस्तीसाठी रडला, तुला बरं वाटेल म्हणून मुद्दाम लिहितोय.

ती शेवटची ओळ राहिली. टाकून बघितली, खरंच सांगतो. पण शेवटचा शॉट धुक्यात विरत जातो आणि त्यावर अचानक सरकारी दवाखाना! संकलक बाई म्हणाली, सुरेल गाण्याच्या शेवटी कुणी शिंकावं तसं होतंय. लय तुटत होती. तुझे आभार मात्र मानलेत, 'स्थानिक सहकार्य' या मथळ्याखाली, तिसऱ्या ओळीत.

आता फिल्म परदेशात स्पर्धेला जाणार. तिकडे लागली, तर पुढची दहा वर्षं मला कुणाच्या दारात उभं राहावं लागणार नाही. नवस बोल माझ्यासाठी.

तुझा
बारक्या


७ ऑक्टोबर

चि. बारक्यास आशीर्वाद,

बक्षिसाचं ऐकून आनंद झाला. मामीला कळवलंस ना?

आता माझं नीट वाच, दोनदा वाच. गेल्या महिन्यात खात्याचे तपासणी साहेब आले. धक्क्यापासून इथपर्यंत सहा तासांचा पाण्यातला प्रवास, तो त्यांनी इंजिनाच्या होडीतून केला आणि उतरल्याबरोबर विचारलं, "ही इंजिनं कधी आली? पूर्वी नव्हती ना?" मी त्यांना दवाखाना दाखवला. ते हसत हसत बघत होते, पोरांनी मांडलेली भातुकली बघावी तसे. मग मी रजिस्टर पुढे ठेवलं. गेल्या वर्षीचे अकराशे रुग्ण, एकोणीस बाळंतपणं. न उघडताच म्हणाले, "रजिस्टरं सगळेच भरतात, बाई. मी फिल्म तीनदा बघितली. तुम्ही त्यात कुठेच दिसत नाही."

तिथे नसायचं म्हणून तर मी दोन महिने धडपडले.

आता नोटीस आली आहे. वस्ती पारंपरिक पद्धतीनं स्वयंपूर्ण असल्यामुळे दवाखाना धक्क्यावरच्या गावी हलवायचा. कोंबडं झाकलं म्हणून उजाडायचं राहत नाही म्हणतात. इथे कोंबडं तू आणि मी मिळून झाकलं, आणि खात्यानं ठरवलं की उजाडलंच नाही.

एप्रिलमध्ये जे लिहायचं टाळलं ते आता लिहिते. सुईणआजीनं पंधरा वर्षांत एकही बाळंतपण केलेलं नाही. तिला हातभर अंतरावरचं दिसत नाही. हसरीचं बाळ आडव्या चादरीमागे मी काढलं, आजी नुसती शेजारी बसली होती आणि तुझा कॅमेरा हसरीच्या चेहऱ्यावर होता. मग रक्त थांबेना. मी तुला म्हटलं, बारक्या, बाहेर जाऊन बॅटरी बदलून ये. तू गेलास. त्या वीस मिनिटांत मी दोन इंजेक्शनं दिली, सलाइन लावलं, पोटावर मूठ दाबून धरली आणि ती जगली. मग सलाइन काढून कोपऱ्यात ठेवलं, बाळ आजीच्या हातात दिलं आणि तुला हाक मारली.

हसरी पुन्हा पोटुशी आहे. अंगात रक्त नाही आणि पहिल्या वेळी जे झालं ते दुसऱ्या वेळीही होऊ शकतं. मार्चच्या दुसऱ्या आठवड्यात दिवस भरतील. मला फक्त तोपर्यंत इथे राहायचं आहे, पुढचं पुढे बघू. पंधरा नोव्हेंबरला खात्याची बैठक आहे. तू दोन ओळी लिहून दे, 'वस्तीत दवाखाना चालू होता, माझ्या सांगण्यावरून तो चित्रीकरणातून वगळला, फिल्ममधलं बाळंतपण नर्सनं केलं.' खाली सही. फिल्म बनवणाऱ्यानंच सांगितलं तर त्यांना ऐकावं लागेल.

वाट बघते.

अक्का


४ नोव्हेंबर

प्रिय अक्का,

पत्र वाचून हादरलो. हसरीचं मला काहीच माहीत नव्हतं. म्हणजे मीसुद्धा इतके महिने लोकांना शपथेवर सांगत होतो की बाळंतपण खरं आहे, एक क्षणही मांडलेला नाही! तू मला बाहेर पाठवलंस, सलाइन लपवलंस, मग खोटं नक्की कुणी केलं, अक्का? रागानं नाही विचारत. पण विचार कर.

स्पर्धेची पहिली अटच अशी आहे की प्रसंग घडवलेले नसावेत. मी 'वगळला', 'नर्सनं केलं' असं लेखी दिलं आणि तो कागद बाहेर गेला, तर फिल्म परत येईल, आणि तिच्यामागोमाग माझी बावीस वर्षंही. माझ्या खोलीतल्या चार माणसांची पोटं या एका फिल्मवर आहेत.

मी नाही म्हणत नाहीये. लेखी नको, एवढंच. मोठ्या साहेबांशी माझी ओळख आहे, तोंडी बोलतो, योग्य वेळ बघून. सरकारी काम, सहा महिने थांब, हे तुला मी काय सांगावं! बैठकीत ठरलं तरी दवाखाना हलायला वर्ष जाईल. तोवर मार्च येऊन जाईल.

एक सुचतंय, रागावू नकोस. दवाखाना खरंच बंद झाला, तर त्यावर एक फिल्म होऊ शकते. या वेळी तू मध्यभागी. नर्स, रिकामी कपाटं, माणसं काठावर उभी. मी पैसे उभे करतो. तू फक्त रोज चार ओळींची टिपणं काढून ठेव.

तुझा
बारक्या


२३ नोव्हेंबर

बारक्या,

बैठक झाली. एकतीस डिसेंबरला दवाखाना बंद. फ्रिज न्यायला होडी ठरलीसुद्धा. चांगलं काम असतं तर सहा महिने लागले असते, हे सहा आठवड्यांत उरकतंय.

गरज सरो, वैद्य मरो, असं म्हणतात. इथे गरज सरलेली नाही, नुसता वैद्य मारलाय.

खोटं कुणी केलं, विचारतोस. मी केलं. तुला बाहेर पाठवलं ते रक्त बघून तू घाबरशील म्हणून नव्हे. तुझा शॉट बिघडेल म्हणून. हात कोपरापर्यंत रक्तात, आणि डोक्यात तुझा शॉट! एवढी मी तुझ्यासाठी खुळी. बारक्याचं चांगलं होतंय ना, मग आपण भिंतीला चिकटून उभं राहायचं. ही सवय मला मामाच्या घरात लागली, तिचा दोष तुझ्यावर टाकत नाही. पण माझं खोटं मी आज कुठेही, कुणाहीपुढे कबूल करायला तयार आहे. तुझं तू कबूल कर. बैठकीनंतरही फेरविचाराचा अर्ज करता येतो.

टिपणं काढून ठेव म्हणालास. हे एक घे: हसरीचे पाय सुजलेत.

मी जानेवारीपासून धक्क्याच्या इस्पितळात, औषधांच्या कोठारात. खोकी मोजायची. सुट्टी मागितली तर म्हणाले, पहिले सहा महिने रजा नाही. हसरीला सांगितलंय, फेब्रुवारीतच धक्क्यावर येऊन राहा. ती हसते. पहिलं पोर, सासू, बकऱ्या, कुणावर सोडून येऊ म्हणते. आणि आता तिचा नवरासुद्धा म्हणतो की आजीचे हात आहेत ना, फिल्ममध्ये साहेबांनीसुद्धा बघितलंय.

दोन ओळी, बारक्या.

अक्का


१८ मार्च

प्रिय अक्का,

चार महिने लिहिलं नाही. कारणं जुळवत बसलो तर पानं भरतील आणि त्यातलं एकही तुला पटणार नाही.

चौदा तारखेला मी मोठ्या साहेबांकडे गेलो. तोंडी नाही, फेरविचाराचा लेखी अर्ज घेऊन. तू सांगितलेलंच लिहिलं, दोनाच्या सात ओळी झाल्या. होड्यांची इंजिनं, पाटी, फ्रिज, बाळंतपण, सगळं. साहेबांनी वाचलं आणि हसले. म्हणाले, "कलावंतांचं हे असंच. जरा मोठेपणा मिळाला की त्यांना टोचायला लागतं." मी म्हटलं, साहेब, मी खोटं दाखवलं. ते म्हणाले, "मी स्वतःच्या डोळ्यांनी बघितलंय हो." माझ्यासमोर बसून, माझ्याबद्दल, मलाच! मी केलेलं खोटं इतकं बेमालूम होतं की मला स्वतःलाच ते मागे घेता आलं नाही.

शेवटी म्हणाले, पुरावा आणा. एक शॉट दाखवा ज्यात नर्स आहे.

तीन दिवस काळ्या कागदाच्या खोलीत बसून चाळीस तासांचं चित्रीकरण बघितलं. न वापरलेलं, हललेलं, चुकून चालू राहिलेलं, सगळं. अक्का, तू कुठेच नाहीस. एकदा दाराशी कोपर दिसतं आणि लगेच जातं. एकदा जमिनीवर सावली आहे, ती कुणाचीही असेल. तुझा आवाज मात्र जागोजागी आहे, "थांब, मी होते बाजूला." संकलक बाई सगळा वेळ माझ्याबरोबर होती. आज मला म्हणाली, तुमच्या या अक्कांना एकदा बघायला तरी हवं होतं.

स्पर्धेत काही लागलं नाही. दहा तारखेला निकाल आला. आता त्याचं काही वाटत नाही.

अर्जाची शिक्का मारलेली प्रत सोबत जोडली आहे. बैल गेला अन् झोपा केला, म्हणशील. म्हण. पण केला तर खरा. हसरी कशी आहे? तिचे दिवस भरले असतील ना?

तुझा
बारक्या


९ एप्रिल

बारक्या,

निकाल दहाला आला आणि तू चौदाला साहेबांकडे गेलास. तारखा तूच लिहिल्यास.

हसरीला अकराला कळा सुरू झाल्या. सुईणआजीला उचलून आणून तिच्यापुढे बसवलं. ती रडत होती, मला येत नाही रे, मी नुसतं पोर धरलं होतं, मला सोडा. कुणी सोडलं नाही. पोर झालं, मुलगी, ती आहे. रक्त थांबलं नाही. मग होडीत घातलं. सहा तासांतले चार ती बोलत होती म्हणे. धक्क्यावर मला बोलवायला माणूस धावत आला तेव्हा मी कोठारात खोकी मोजत होते. जी दोन इंजेक्शनं हवी होती, ती माझ्यामागच्या फळीवर होती. मी घेऊन पळाले. पायऱ्या उतरेपर्यंत संपलं होतं.

अर्जाची प्रत मिळाली. ती वाचून मला काय वाटावं अशी तुझी अपेक्षा आहे, ते मला कळलं नाही. तू वाईट माणूस नाहीस, आणि त्याचाच मला जास्त राग येतो. वाईट असतास तर मी तुझ्यासाठी पाटी उतरवली नसती.

हे पत्र मी माझ्यासाठी लिहीत नाही. काल हसरीचा नवरा आला होता, कडेवर मोठं पोर घेऊन. मग म्हणाला, त्या फिल्ममध्ये ती दिसते ना? त्याच्याकडे तिचा एकही फोटो नाही, वस्तीत कुणी काढलाच नाही. पोरांना पुढे आई दाखवायची तर तुझ्याकडचीच आहे. धक्क्यावरच्या फोटोवाल्याकडे मशीन आहे, तो त्यांना लावून दाखवेल.

तेवढा तुकडा पाठव. पोर हातात घेऊन ती हसते, तिथपासून पुढचा. तुझं निवेदन त्यावरून काढून टाक. पाकिटावर तिच्या नवऱ्याचं नाव घाल, माझं नको. मला काही पाठवायचं आता उरलेलं नाही.

अक्का